चार हजार ठोके

जयेंद्रगंजात, औषधांच्या दुकानांवर, पहिल्या मजल्यावर डबीर टायपिंग क्लास आहे. तिथं बारा कॉम्प्युटर आहेत आणि बाराही सारखे आहेत. शरयू डबीर एक कॉम्प्युटर नीट तयार करते, महिनाभर चालवून बघते आणि मग त्याची डिस्क जशीच्या तशी बाकी अकरांवर उतरवते. पडद्यावरचं चित्रसुद्धा तेच. नियम तिच्या वडिलांचा. भालचंद्र डबीर मास्तर टाइपरायटरच्या काळातही बारा मशीन एकाच बनावटीची ठेवत आणि दर रविवारी प्रत्येक मशीनच्या कळा स्वतःच्या बोटानं दाबून बघत. मशीन सारखं असलं की चूक हाताची, असं त्यांचं म्हणणं. विद्यार्थ्याला सबब उरत नाही.

मास्तर जाऊन चार वर्षं झाली. शरयू आता सत्तेचाळीस वर्षांची आहे. मी त्याच इमारतीत मागच्या बाजूला राहतो. मालनपूरच्या कारखान्यात एकतीस वर्षं मेन्टेनन्स फिटर होतो. आता वरचे पंखे, खुर्च्या आणि स्विच बघतो. कुणी सांगितलेलं नाही. बिघडलेली वस्तू समोर असताना बसून राहणं मला जमत नाही.

शरयू सकाळी सातला क्लास उघडते. सरकारी नोकरीच्या परीक्षेसाठी हिंदी आणि इंग्रजी टायपिंग शिकायला पोरं येतात. ती त्यांच्याकडे पाठ करून उभी राहते. बघितलं की डोळे फसतात, म्हणते. ती ऐकते. पाठमोरी असतानाच सांगते, "पाच नंबर, डावी करंगळी झोपली तुझी." पाच नंबरचा मुलगा दचकून सरळ बसतो.

एकदा मी तिची परीक्षा घेतली. एका मुलाला मिनिटभर टाइप करायला लावलं आणि तिला पाठमोरं उभं केलं. ती म्हणाली, एकशे बेचाळीस ठोके. कॉम्प्युटर म्हणाला एकशे चव्वेचाळीस.

"दोन चुकलीस," मी म्हणालो.

"दोनदा मागं येऊन खोडलं त्यानं. खोडणं मी कामात धरत नाही, काका."

पुन्हा परीक्षा घेतली नाही.

पाच वाजता ती बाराही कॉम्प्युटर बंद करते. अर्धा तास मशीन थंड होऊ देते. हाही मास्तरांचाच नियम. साडेपाचला पुन्हा सुरू करते आणि मग नऊपर्यंत गेम खेळणारी पोरं येतात. दोन वर्षांपूर्वी तिनं हे सुरू केलं. गावात फोनवर खेळणारे ढीगभर, पण कॉम्प्युटरवरच्या ऑनलाइन गेमला चांगलं मशीन आणि न तुटणारी लाइन लागते. तिच्याकडे दोन्ही होतं.

"मास्तरांना चाललं असतं का?" मी विचारलं होतं.

"बाबा हात बघायचे," ती म्हणाली. "हात तर चालतातच ना."

आमच्याकडच्या पोरांची एक टीम तिथं बनली. पाच जण. माझी नात गरिमा त्यात आहे. कॅप्टन विहंग, कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला, वाक्य मराठीत सुरू करून हिंदीत संपवणारा. आणि सगळ्यांत चांगली खेळणारी हर्षिता. किला गेटला तिच्या वडिलांचं गॅसच्या शेगड्या आणि मिक्सर दुरुस्तीचं दुकान आहे. ती आधी शरयूकडे टायपिंग शिकली. परीक्षा पहिल्या फेरीत पास झाली. मग खेळायला लागली. वडिलांनी एक वर्ष दिलं होतं. वर्षात काही करून दाखव, नाहीतर दुकानात बस.

त्या सोमवारी संध्याकाळी विहंग फोन हातात घेऊन वर आला. मी तीन नंबरच्या खुर्चीचं चाक बसवत होतो.

"मॅडम, नोटीस आली," तो म्हणाला. "दोन मॅचमध्ये हर्षिताचा गेम मध्येच बंद झाला. ते म्हणतात तिच्या मशीनवर बाहेरचं सॉफ्टवेअर सापडलं, गेममध्ये दखल देणारं. तीसरी बार हुआ तो पूरी टीम बाहर, और इसका अकाउंट हमेशा के लिए बंद."

"बाहेरचं सॉफ्टवेअर म्हणजे?"

"म्हणजे चीटिंगचं, मॅडम. नेम आपोआप लागतो वगैरे."

हर्षिता दारात उभी होती. आत आली नाही.

"मी काही लावलेलं नाही," ती म्हणाली.

"हिला लावता येईल?" विहंग म्हणाला. "हिला वायफायचा पासवर्ड लक्षात राहत नाही."

कुणी हसलं नाही. रविवारी चार वाजता राज्याच्या संघनिवडीची मॅच होती. तिथं गेम तिसऱ्यांदा बंद पडला असता तर टीम गेली असती. हर्षितावर बेईमानीचा शिक्का बसला असता. तो शिक्का किला गेटच्या दुकानापर्यंत पोचायला एक दिवस पुरे. मग खेळही संपला आणि या जिन्यावर येणंही.

"आत ये," शरयू तिला म्हणाली. "तू लावलं नाहीस हे मला माहीत आहे. माझ्या मशीनवर विद्यार्थ्याला काही लावताच येत नाही, कुलूप आहे. म्हणजे जे काही आहे ते मीच लावलेलं आहे. शोधते."

हे ती अशा आवाजात म्हणाली जसा कुणी म्हणेल, कणीक मळायची आहे, मळते.

विहंगला घाई होती. "मॅडम, पाच मशीन फॉरमॅट मारा. सगळं पुसून गेम नवीन टाका. झंझट खतम."

"आणि नोटिशीला उत्तर काय देऊ? पुसलं, आता काय होतं माहीत नाही? काय बिघडलं ते कळल्याशिवाय पुसायचं नाही. पुसलं की पुरावाही गेला आणि हिचं नावही तसंच राहिलं."

मला हे पटलं. कारखान्यात नवा पोरगा बेअरिंग जळालं की ते फेकून दुसरं बसवायचा. महिन्यात दुसरंही जळायचं. तिरका शाफ्ट कुणी बघायचं नाही.

दुसरीकडे जाऊन खेळण्याचाही उपाय नव्हता. मॅच कुठल्या पाच मशीनवर खेळणार ते टीमनं आधीच लिहून दिलं होतं.

शरयूनं वही काढली. आधी काय माहीत आहे ते लिहिलं. गेम पडायला लागून दहा दिवस झाले होते. त्याआधी दोन वर्षं तो एकदाही पडला नव्हता. दहा दिवसांपूर्वी गेमची नवी आवृत्ती आली होती. सरावात पाचही जणांचा गेम पडत होता. पडला की पुन्हा सुरू करायचा आणि खेळायचं, सरावाचं कुणी मोजत नाही. पण मॅचमध्ये दोन्ही वेळा सर्वांत आधी हर्षिताचाच पडला, आणि तिथं एक पडला की मॅच थांबते. म्हणून नाव तिचं लागलं.

मग तिनं विंडोजची आतली नोंद उघडली. काही पडलं की कॉम्प्युटर तिथं लिहून ठेवतो. गेमबरोबर एक पहाऱ्याचं सॉफ्टवेअर येतं, कुणी लबाडी करत नाही ना ते बघायला. गेम त्या पहाऱ्यानंच बंद केला होता, असं नोंदीत होतं. का केला, ते नव्हतं.

"नव्या आवृत्तीतल्या कडक पहारेकऱ्यानं कुणाला तरी आत शिरताना बघितलं," ती म्हणाली. "कुणाला, ते सांगत नाही. सांगितलं तर लबाड लोक सावध होतील. बरोबरच आहे त्याचं."

तिनं यादी केली. गेम नाही, विंडोज नाही, अशी जी जी सॉफ्टवेअर कॉम्प्युटर सुरू होताच चालू होतात ती सगळी. चौदा निघाली. पोरं खेळताना एकमेकांशी बोलतात ते एक. खेळाचं चित्रण करणारं एक. कीबोर्डचे दिवे रंगीत करणारं, पंख्याचा वेग दाखवणारं, व्हायरस शोधणारं, प्रिंटरचं. बाकीची अशीच.

मंगळवारी तिचा संशय बोलण्याच्या सॉफ्टवेअरवर होता. ते खेळताना पडद्याच्या कोपऱ्यात बोलणाऱ्याचं नाव दाखवतं, म्हणजे गेमच्या अंगावर आपली चौकट ठेवतं. तिनं ते पाचही मशीनवर बंद केलं. पोरं फोनवरून बोलत खेळली. मी घड्याळ घेऊन बसलो. मला खेळातलं काही कळत नाही, वेळ लिहिता येतो. कारखान्याच्या सवयीनं दोन रकाने केले, मशीन चालू आणि मशीन उभं. पोरं खेळत असतील तो पहिला, पुढचा डाव सुरू व्हायची वाट बघत असतील तो दुसरा.

वीस मिनिटं चालू वेळ झाला आणि हर्षिताचा पडदा गेला. पंचविसाव्या मिनिटाला गरिमाचा. विहंगचा टिकला. तो मान वर करून म्हणाला, "माझा तर चालतोय, मॅडम. लगता है ठीक हो गया." चाळिसाव्या मिनिटाला त्याचाही गेला.

बुधवारी शरयूनं चौदातली सात बंद केली. गेम पडला. ती सात सुरू करून उरलेली सात बंद केली. पडला. मग चौदाही बंद केली. पोरांचे रंगीत दिवे विझले, पंख्याचे आकडे गेले. हर्षिता खेळायला बसली. विसाव्या मिनिटाला गेम पडला.

ती कीबोर्डवरून हात काढून मांडीवर ठेवून बसली. म्हणाली, "मॅडम, मी रविवारी नाही खेळत. दुसऱ्या कुणाला बसवा. मग टीम तरी राहील."

"दुसरा बसला तर त्याचा पडेल. फक्त थोड्या वेळानं," शरयू म्हणाली. "तुझ्या जागी कुणाला बसवून माझं मशीन दुरुस्त होणार आहे का?"

"पण काल घरी बाबांनी विचारलं, मॅच रविवारी आहे ना. मी हो म्हणाले."

"मग खरंच म्हणालीस."

पोरं गेल्यावर मी तिला माझं म्हणणं सांगितलं. "चौदा बंद केली आणि तरी पडला. म्हणजे यादी अपुरी आहे."

"यादी पुरी आहे, काका. दोनदा तपासली."

"पाच मशीन एकाच दोषानं पडतात तेव्हा दोष मशीनमध्ये नसतो. तू ज्या एकावरून बाकीची उतरवलीस, त्यात असतो. त्यात पंधरावं काहीतरी आहे."

"त्यात जे आहे ते मीच ठेवलंय. चौदा बाहेरची आणि बाकी आपली टायपिंगची. आपली मी धरली नाहीत. त्यांचा गेमशी काय संबंध?"

तिथं मी गप्प बसलो. बसायला नको होतं. 'तीही धर' हे माझ्या तोंडाशी आलं होतं, पण त्या सॉफ्टवेअरमधलं मला कळत नाही, म्हणून गिळलं. फिटरनं असं करू नये. शंका आली की बोल्ट उघडून बघावा. एक दिवस वाया गेला.

गुरुवारी संध्याकाळी ती माझी वही घेऊन उभी होती. आदल्या दोन दिवसांच्या वेळा बघत होती.

"हे बघा काका. हर्षिता वीस, एकवीस, वीस. गरिमा पंचवीस, पंचवीस. विहंग चाळीस, एकोणचाळीस. मशीन सारखी, गेम सारखा, पण पडायला प्रत्येकाचा वेळ वेगळा. आणि ज्याचा त्याचा रोज तोच. म्हणजे वेळ मशीनचा नाही. माणसाचा आहे."

"माणूस काय वेगळं करतो?"

तिनं पोरांना खेळायला बसवलं आणि ती भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. पोरांच्या कानांवर हेडफोन असतात. त्यांना आपल्याच बोटांचा आवाज ऐकू येत नाही. खोलीत मात्र तो भरलेला असतो, पत्र्यावर मूग सांडावेत तसा. शरयू एकेकाच्या मागं पाच-पाच मिनिटं उभी राहिली, पाठमोरी. वहीत तीन आकडे लिहिले. हर्षिता, मिनिटाला दोनशे. गरिमा एकशे साठ. विहंग शंभर.

"दाबून ठेवलेली कळ एकच धरलीय," ती म्हणाली. "आता गुणा."

मी गुणलं. दोनशे गुणिले वीस, चार हजार. एकशे साठ गुणिले पंचवीस, चार हजार. शंभर गुणिले चाळीस.

शरयू खाली बसली. क्लासच्या वेळात तिला बसलेलं मी त्याआधी कधी बघितलं नव्हतं.

"चार हजार," ती म्हणाली. "चार हजार. हात सोडा."

"काय?"

"बाबांचा ठोका."

मग तिनं सांगितलं आणि मलाही आठवलं. टाइपरायटर गेले आणि कॉम्प्युटर आले तेव्हा मास्तर सर्वांत जास्त चिडले होते ते आवाजावर. या कीबोर्डना आवाजच नाही, पोरांना आपली चूक ऐकू कशी येणार? तेव्हा केदार नावाचा त्यांचा एक विद्यार्थी होता, कॉम्प्युटर शिकत होता. त्यानं मास्तरांसाठी एक छोटं सॉफ्टवेअर लिहिलं. कळ दाबली की टाइपरायटरसारखा ठोका वाजायचा. मास्तरांनी त्यात आणखी एक घालून घेतलं. चार हजार ठोके झाले की पडद्यावर चिठ्ठी यायची: चार हजार. हात सोडा. विद्यार्थ्यानं दोन मिनिटं हात मांडीवर ठेवायचे. बोटं कायमची दुखावलेले टायपिस्ट मास्तरांनी कचेऱ्यांत बघितले होते.

नंतर परीक्षेची पद्धत बदलली. परीक्षेत ना आवाज असतो ना चिठ्ठी, म्हणून सरावातही नको, असं ठरवून शरयूनं सहा वर्षांपूर्वी दोन्ही बंद केलं. आवाज नाही आणि चिठ्ठी दाखवू नका, अशा दोन खुणा केल्या. सॉफ्टवेअर काढलं नाही. मास्तर तेव्हा हयात होते. पुढं ती ते विसरली. पण दर वेळी डिस्क उतरवताना तेही बाराही मशीनवर उतरत राहिलं.

"यादीत का नव्हतं?" मी विचारलं.

"बाहेरचं कुठं आहे ते? बाबांचं आहे."

"गेमच्या हिशेबानं तूही बाहेरचीच."

ती हसली. चार दिवसांत पहिल्यांदा.

केदार आता इंदूरला असतो. तिनं लगेच फोन लावला आणि आवाज मोठा ठेवला, म्हणून मलाही ऐकू आलं.

"शरयूताई? ते अजून चालू आहे?" केदार म्हणाला. "अहो, मी ते दुसऱ्या वर्षाला असताना लिहिलं होतं."

"चिठ्ठी दाखवू नका अशी खूण केली की नक्की काय होतं, ते सांग."

तो ओशाळून हसला. "खरं सांगू? चिठ्ठी येते. फक्त दिसत नाही. पारदर्शक केली होती मी. नीट बंद करायचं राहिलं. मास्तर म्हणाले होते, उद्या हवीय."

"म्हणजे चार हजाराला ती न दिसणारी चिठ्ठी गेमच्या वर येऊन उभी राहते."

"राहत असणार. शिवाय ते प्रत्येक कळ ऐकतं, कुठल्याही सॉफ्टवेअरमधली. आजकालच्या गेमचा पहारा हे दोन्ही बघितलं की चोरच समजेल. ताई, सॉरी."

"सॉरी राहू दे. पुरतं काढायचं कसं, ते सांग. आणि हे सगळं मला लिहून पाठव, तुझ्या नावानं."

आता कळलं होतं, पण कळणं म्हणजे काम झालं असं नाही. शुक्रवारी तिनं पाच मशीनवरून ठोका मुळापासून काढला. बाहेरची चौदा पुन्हा जशीच्या तशी चालू केली. विहंग कुरकुरला, "मॅडम, ती बंदच राहू द्या ना. रिस्क क्यों लेना."

"दोन गोष्टी एकदम बदलल्या तर कशानं बरं झालं ते कळत नाही. एकच बदलायची."

हर्षिता खेळली. वीस मिनिटं गेली. चाळीस गेली. तासभर चालू वेळ झाला तेव्हा शरयूनं भिंतीकडे बघतच सांगितलं, "बारा हजार. पुरे."

शनिवारी तिनं उलटं केलं. सात नंबरच्या मशीनवर ठोका अजून होता, त्यावर हर्षिताला एका नव्या, बिनमहत्त्वाच्या अकाउंटवरून सरावाचा डाव खेळायला बसवलं. चार हजाराला गेम पडला. त्याच मशीनवरून ठोका काढला. पडला नाही. पुन्हा घातला. पडला. दर वेळी तिनं फोनवर चित्रण केलं, त्यात भिंतीवरचं घड्याळ दिसेल असं. कालची बरी झालेली मशीन सोडून या मशीनमागं का लागलोय, असं विहंग दोनदा विचारून गेला.

"ती बेईमान नाही, हे नुसतं सांगून कोण ऐकेल?" शरयू म्हणाली. "मी म्हणेन तेव्हा गेम पडायला हवा आणि मी म्हणेन तेव्हा चालायला हवा. मग ऐकतील."

मी हे वाक्य एकतीस वर्षांत चार-पाच लोकांना तरी सांगितलं असेन, दुसऱ्या शब्दांत. कुणी ऐकलं नव्हतं.

दुपारी तिनं स्पर्धेवाल्यांना पत्र लिहिलं. दोन पानं. एक शब्द खोडावा लागला नाही. वडिलांचं सॉफ्टवेअर, कधीचं, कशासाठी, कुणी लिहिलं, कुठल्या मशीनवर होतं, किती ठोक्यांना गेम पडतो, सगळं क्रमानं. शेवटी लिहिलं की मशीन माझी आहेत, त्यांना कुलूप माझं आहे, खेळाडूला त्यात काही घालता येत नाही, चूक माझी आहे. केदारचं पत्र आणि चित्रण जोडलं. संध्याकाळी त्यांचं एका ओळीचं उत्तर आलं. मॅच खेळा, इशाऱ्याचा विचार नंतर करू. म्हणजे रविवारी गेम पडला असता तर तो तिसराच धरला गेला असता.

रविवारी क्लासला सुट्टी असते. पाच जण तीन वाजताच आले. हर्षिता हात धुऊन आली आणि ओढणीला पुसत बसली. शरयूनं तिला फक्त एवढं सांगितलं, "तू खेळ. मोजायचं काम माझं."

चारला मॅच सुरू झाली. तीन डावांत दोन जिंकायचे होते. शरयू हर्षिताच्या मागं पाठमोरी उभी. मी दाराशी, घड्याळ घेऊन. पोरं एकमेकांवर ओरडत होती, डावीकडून आला, मागं हो, अरे यार गरिमा, कवर तो दे. मला त्यातलं काही लागत नव्हतं. मी शरयूचे ओठ बघत होतो. ती शंभर झाले की अंगठ्यानं बोटाच्या पेरावर पुढं सरकायची.

पंधरा मिनिटं झाली. अठरा झाली. हर्षिता त्या दिवशी नेहमीपेक्षा जलद खेळत होती, हे मलाही ऐकू येत होतं. एकोणिसाव्या मिनिटाला शरयूनं माझ्याकडे बघितलं. अंगठा शेवटच्या पेरावर होता.

ठोके चालूच राहिले.

तिनं आणखी एक पेर मोजलं. मग आणखी एक. मग हात खाली सोडला आणि कोपऱ्यातल्या चहाच्या ओट्याकडे जाऊन गॅस पेटवला. सात जणांचा चहा टाकला. परतली तेव्हा हर्षिताच्या मागं नाही, खिडकीशी उभी राहिली आणि रस्त्याकडे बघत चहा प्याली. तिचं काम झालं होतं. आता जे व्हायचं ते खेळातलं होतं.

पहिला डाव जिंकले. दुसरा हरले. तिसरा चौतीस मिनिटं चालला आणि शेवटच्या क्षणी हरले. पाचही पडदे शेवटपर्यंत जागे होते.

विहंगनं हेडफोन टेबलावर ठेवले. हर्षिता खुर्ची फिरवून शरयूकडे वळली.

"हरलो, मॅडम."

"बघितलं मी."

"त्यांनी हरवलं. गेमनं नाही काढलं." मग ती म्हणाली, "बाबांना हे सांगता येतं."

त्या रात्री ते तिनं सांगितलं. वडील काय म्हणाले ते मला बुधवारी कळलं, कारण बुधवारी ते स्वतःच जिना चढून आले, शेगडी दुरुस्त करणाऱ्या माणसाच्या काळ्या नखांचे हात घेऊन. त्याच दिवशी सकाळी स्पर्धेवाल्यांचं उत्तर आलं होतं. दोन्ही इशारे मागं घेतले होते. त्यांच्या पहाऱ्याच्या माणसांना चित्रण उपयोगी पडलं, असंही लिहिलं होतं. शरयूनं ते उत्तर छापून ठेवलं होतं. वडिलांनी ते हातात घेतलं, वाचलं, घडी घातली.

"हे मला मिळेल का, मॅडम?"

"तुमच्यासाठीच छापलं."

"वर्ष दिवाळीला संपतंय," ते म्हणाले. "पुढची निवड कधी असते?"

"मार्चमध्ये."

"मग मार्चपर्यंत येऊ दे तिला." आणि जाता जाता माझ्याकडे बघून, "ती खुर्ची डुगडुगतेय, दादा."

तीन नंबरचीच होती. त्यांचं बरोबर होतं. चाक मी घाईत बसवलं होतं.

बारा मशीन आता सारखी नाहीत. अकरांवरून ठोका गेला. एक नंबरवर तो आहे, आवाजासकट आणि दिसणाऱ्या चिठ्ठीसकट. नवा विद्यार्थी पहिला महिना तिथंच बसतो. त्या मशीनवर गेम टाकलेला नाही. शरयूनं नियम मोडला त्याबद्दल ती एवढंच म्हणाली, "बाबांनी मशीन सारखी ठेवली ती हाताची चूक दिसावी म्हणून. माझी चूक झाकायला नाही."

खेळणाऱ्या पोरांसाठी भिंतीवर एक यादी लावली आहे. वर लिहिलंय, बाहेरची सॉफ्टवेअर. पुढं रकाने: नाव, कुणी घातलं, कधी, कशासाठी. नवं काही घालायचं तर आधी त्यात लिहायचं. चौदाची पंधरा झाली. बोलण्याचं सॉफ्टवेअर दुसऱ्या ओळीत आहे, दिव्यांचं तिसऱ्या.

पहिल्या ओळीत तिच्या सरळ अक्षरात लिहिलंय: ठोका. भालचंद्र डबीर यांनी. हात दुखू नयेत म्हणून.